तुम्हीच ते, हे आधी सिद्ध करा

पालिकेच्या नोकरीला लागणार असाल, तर पगाराचं नंतर बघू; आधी मुकादमाचं अक्षर बघून घ्या. तो हजेरीपटावर जे खरडेल ते तुमचं नाव. आईबापांनी ठेवलेलं घरी वापरा.

आडनाव शक्यतो असं असावं की इंग्रजीत त्याचं एकच स्पेलिंग होईल. चौधरी आणि दीक्षित मंडळींनी अर्जच करू नये.

बायकांनी लग्न निवृत्तीनंतर करावं.

झाडू जपून धरा. बोटांच्या रेषा झिजल्या की यंत्र तुम्हाला ओळखत नाही आणि खाडा लागतो.

निवृत्तीच्या वेळी मात्र फाइल घेऊन स्वतः जा. आमचे काका गेले, मी सोबत होतो. उभी हयात रस्ते झाडण्यात गेली. सेवापुस्तकात ‘दगडू किसन’, आधारवर ‘दगडूबा किसनराव’. आस्थापनेतल्या बाबूंनी चष्मा कपाळावर चढवला आणि विचारलं, “हे दोघं एकच कशावरून?” समोर एकच माणूस उभा होता, तोही हात जोडून. मग यादी आली: प्रतिज्ञापत्र आणा, पेपरात जाहिरात द्या, राजपत्रात नाव छापून आणा, ‘एकच व्यक्ती’ असल्याचा दाखला आणा. सरकारी कार्यालयात द्यायच्या प्रतिज्ञापत्राला मुद्रांक शुल्क 2004 पासून माफ आहे, असं मी म्हणालो. बाबू म्हणाले, “ते तुमच्या मोबाइलमध्ये. आमच्याकडे 500 चाच स्टॅम्प लागतो.” बरं, सगळं जमवून नेलं तर कळलं, साहेब मीटिंगला. पुढच्या खेपेला बाबूंचीच बदली. नव्या बाबूंनी फाइल उघडली, चष्मा कपाळावर चढवला...

हे आमच्याच नशिबी आहे असं समजू नका. मुंबईत कचरा उचलणारे 2,700 कंत्राटी कामगार थेट सर्वोच्च न्यायालयातून जिंकून आले, 7 एप्रिल 2017 ला. त्यातले कित्येक पुढे नावातल्या अक्षरांच्या फरकावर अडले. निकाल हातात, पण निकालातला माणूस तो नव्हेच!

तोतया असाल तर मात्र निर्धास्त राहा. परीक्षेला डमी बसवा, प्रवेशपत्रावर दोघांचे चेहरे मिसळलेला फोटो चिकटवा. पोलीस भरतीत धावताना पायाला चिप बांधतात. ती दुसऱ्याच्या पायावर धावल्याची प्रकरणंही उजेडात आली आहेत. भारतीय न्याय संहितेच्या कलम 319 मध्ये तोतयेगिरीला पाच वर्षांपर्यंत कैद आहे खरी, पण त्यासाठी आधी कुणाला तरी संशय यावा लागतो, आणि तो सगळा काकांवर खर्च झालेला असतो.

पानिपतानंतर सदाशिवरावभाऊंचा तोतया उभा राहिला, तेव्हा पेशवाईत आधार नव्हतं की बोटांचे ठसे नव्हते. भाऊंना ओळखणाऱ्या माणसांना बोलावलं, विचारलं, आणि 1776 मध्ये प्रकरण निकालात काढलं.

तेवढं तरी करा की! अहो, ते ‘दगडू’ काकांनी लिहिलेलं नाही. त्यांना लिहिता येत नाही. तुमच्या खात्यानं लिहिलं, त्याच नावानं पगार दिला, त्याच नावानं भविष्य निर्वाह निधी कापला, त्याच नावानं दिवाळीच्या आदल्या रात्री ड्युटीवर बोलावलं. तेव्हा शंका आली नाही? ग्रॅच्युइटीचा आकडा लिहायची वेळ आली तेव्हाच कशी आली? चूक तुमची, तर ती तुमच्या पेनानं आणि तुमच्या खर्चानं दुरुस्त करा. जुने हजेरीपट काढा, निधीचा खाते क्रमांक ताडून बघा, त्यांच्यासोबत झाडणाऱ्या दोघांचे जबाब घ्या. दुपारच्या जेवणाआधी होणारं काम आहे. ते सोडून साठीच्या माणसाला ‘तू तूच कशावरून’ म्हणून उन्हात फिरवता, आणि वर चहाला पैसे मागता. लाजा वाटू द्या जरा.