सचिवाच्या मांगं मांगं

पोरगी दहावीत. धड्यात ‘एन्स्यू’ असा शब्द आला, तर मलाच विचारते, “बाबा, अर्थ काय याचा?” मी चष्मा पुसायला घेतला. मी चष्मा पुसतो म्हणजे मला येत नाही, हे घरात सगळ्यांना ठाऊक. तिनं मोबाइल पाहिला : मागोमाग घडणे. म्हणजे पोळ्यात कोणीतरी फटाका फोडला, बैल बुजले आणि मग जे काही झालं, ते सगळं एन्स्यू.

ती झोपली. मी मात्र शब्द उकरत बसलो. लॅटिनमध्ये ‘सेक्वी’ म्हणजे मागे जाणे. त्याला ‘इन’ चिकटून ‘इन्सेक्वी’ झालं आणि जुन्या फ्रेंचमधून घासत घासत ते इंग्रजीत आलं. खानदान मोठं. पाठलागाचा ‘पर्स्यू’ त्यातलाच, पहिल्यामागून येणारा म्हणून ‘सेकंड’ त्यातलाच, आणि दावा ठोकणारा ‘सू’सुद्धा. भावकी म्हटली की कोर्टकचेरी आलीच.

१६११ च्या इंग्रजी बायबलात शांती शोधा आणि तिला ‘एन्स्यू’ करा, असं सांगितलंय. म्हणजे तेव्हा हा शब्द अंगमेहनत करायचा, स्वतः मागं धावायचा. आता नुसता बसून असतो. जे व्हायचं ते आपोआप मागून होतं.

याच कुळातला संस्कृत धातू ‘सच्’, म्हणजे सोबत जाणे, मागे चालणे. त्यातून आला ‘सचिव’. इथं मी ताडकन उठून बसलो. आमच्याकडं ग्रामसेवकाला सचिवच म्हणतात, आणि घराच्या नमुना आठसाठी, म्हणजे ग्रामपंचायतीच्या उताऱ्यासाठी, मी अकरा दिवस त्यांच्या मागं होतो. मागं चालणारा ते की मी?

“सचिव साहेब हायेत काय?”

“आताच गेले ना भाऊ,” चपराशी म्हणतो. सकाळी दहालाही आताच, दुपारी तीनलाही आताच.

“कुठं?”

“दुसऱ्या गावाले. दोन गावं हायेत ना त्यायच्याकडं.”

आठ किलोमीटर गाडी हाणत तिथं जावं, तर तिथला चपराशी हळहळतो, “अरेरे! आताच तुमच्याच गावाले गेले.” वाटेत आम्ही एकमेकांना ओलांडलं कुठं, हे मला आजवर कळलेलं नाही. सडक तर एकच आहे.

बाराव्या दिवशी पानठेल्यावर सापडले. खर्रा घोटत होते. मी तोंड उघडण्याआधीच म्हणाले, “भाऊ, रागावू नका. चार दिवसापासून बीडीओ साहेबाचा दौरा हाय. त्यायच्या गाडीमांगं मांगं फिरून राह्यलो.”

धातू बरोबर होता तर.

तेवढ्यात सडकेवरून पांढरी जीप धुरळा उडवत गेली. सचिवांनी खर्रा तोंडात टाकून गाडीला किक मारली. मीही मारली.