परस्परविरोधी कथा आणि विज्ञानाचा चुकीचा दाखला

‘एकाच घटनेच्या परस्परविरोधी कथा एकाच वेळी खऱ्या असतात हे विज्ञानानेच सिद्ध केले आहे, म्हणून कोणाच्याही कथनाला खोटे म्हणता येत नाही’ अशा आशयाचा मजकूर मोठ्या प्रमाणावर फिरतो आहे. त्याला आधार म्हणून श्रोडिंगरचे मांजर, २०१९ चा एक प्रयोग, सापेक्षता सिद्धान्त, जैनांचा अनेकान्तवाद (प्रत्येक वस्तूला अनेक बाजू असतात हे मत) आणि कथासाहित्य यांची नावे घेतली जातात. विरोधी कथा शेजारी शेजारी नांदतात अशी वास्तवाची अवस्था कल्पिणे मला मनापासून आवडते. परंतु ती अवस्था प्रत्यक्षात आहे असे सांगणे निरुपद्रवी नाही, कारण घडलेला अन्याय नाकारणाऱ्याला त्यातून ‘हीही एक कथाच’ असे म्हणण्याची आयती सोय होते.

बंद पेटीतले मांजर एकाच वेळी जिवंत आणि मेलेले मानावे लागते, हे उदाहरण भौतिकशास्त्रज्ञ एर्विन श्रोडिंगर यांनी १९३५ मध्ये दिले ते अशी अवस्था पटवून देण्यासाठी नव्हे. पुंजयामिकीचा (क्वांटम मेकॅनिक्स, म्हणजे अतिसूक्ष्म कणांच्या वर्तनाचे शास्त्र) तेव्हा रूढ असलेला अर्थ मोठ्या वस्तूंना जसाच्या तसा लावला तर किती विपरीत निष्कर्ष निघतो, हे त्यांना दाखवायचे होते. शिवाय अध्यारोपण (सुपरपोझिशन, अनेक शक्य निष्पत्ती एकत्र सामावणारी अवस्था) म्हणजे ‘जिवंत आहे’ आणि ‘जिवंत नाही’ ही दोन्ही विधाने एकदम खरी असणे नव्हे. गणिताच्या दृष्टीने ती एकच निश्चित अवस्था असते, तिच्यावरून प्रत्येक निष्पत्तीची संभाव्यता काढता येते, आणि मोजमाप केल्यावर हाती एकच उत्तर येते.

२०१९ च्या प्रयोगाकडे अधिक बारकाईने पाहायला हवे, कारण मजकुराचा सगळा भार त्याच्यावर आहे. भौतिकशास्त्रज्ञ युजीन विग्नर यांनी १९६१ मध्ये एक प्रसंग कल्पिला होता: बंद प्रयोगशाळेतल्या मित्राला मोजमापाचे निश्चित उत्तर मिळालेले आहे, पण बाहेर असलेल्या विग्नर यांच्या गणितात मित्र आणि कण दोघेही अजून अध्यारोपणातच आहेत. एडिनबरोच्या हेरियट-वॉट विद्यापीठातील संशोधकांनी सहा फोटॉन (प्रकाशाचे कण) वापरून या प्रसंगाचे एक रूप तपासले, आणि बातम्यांमधून त्याचा अर्थ ‘वस्तुनिष्ठ वास्तव नाही’ असा पसरला. तिथला ‘मित्र’ माणूस नसून फोटॉन होता, हा तपशील वाटेतच गळाला. त्याहून महत्त्वाची आहे ती युक्तिवादाची घडण. एका निरीक्षकाला मिळालेले उत्तर सर्वांसाठीच तथ्य असते, दूरच्या कृतीचा प्रभाव इथल्या निकालावर पडत नाही, आणि काय मोजायचे ते मोकळेपणाने निवडता येते, अशी गृहीतके एकत्र धरली तर मोजमापांच्या निकालांवर एक मर्यादा येते. प्रयोगात ती मर्यादा ओलांडली गेली, म्हणून ही सर्व गृहीतके एकदम खरी असू शकत नाहीत, असे अनुमान निघते. त्यांपैकी कोणते सोडायचे यावर वाद आहे. म्हणजे विसंगती खपवून घ्यायची नाही हे आधी मान्य केले, तरच हे अनुमान उभे राहते. विसंगतीच्या समर्थनार्थ त्याचाच दाखला कसा देता येईल?

सापेक्षतेचा मुद्दा लवकर निकालात निघतो. दोन घटनांपैकी आधीची कोणती, याचे उत्तर निरीक्षकानुसार बदलते ते फक्त त्या घटनांबाबत, ज्यांच्यात प्रकाशालाही एकीकडून दुसरीकडे पोहोचायला अवधी नसतो. कारण आणि परिणाम यांचा क्रम कोणासाठीही उलटत नाही, आणि एकाच्या नोंदीवरून दुसऱ्याची नोंद लॉरेन्ट्झ रूपांतरण या गणिती सूत्राने अचूक काढता येते.

अनेकान्तवादावर तर हा मजकूर अन्यायच करतो. सप्तभंगीत, म्हणजे विधान करण्याच्या सात प्रकारांच्या (भंगांच्या) जैन मांडणीत, ‘घट आहे’ हे विधान स्वतःच्या द्रव्य, क्षेत्र, काल आणि भाव यांच्या अपेक्षेने केलेले असते, तर ‘घट नाही’ हे परक्या द्रव्यादींच्या अपेक्षेने. मातीचा घट मातीचा म्हणून आहे, सोन्याचा म्हणून नाही. यात विरोध कुठे आला? दोन्ही बाजू एकदम बोलू पाहिल्या तर त्यासाठी ‘अवक्तव्य’ (शब्दांत न सांगता येणारे) हा वेगळा भंग ठेवलेला आहे. इतक्या काटेकोर व्यवस्थेला ‘सगळेच बरोबर’ असे म्हणणे म्हणजे ती न वाचणे होय.

कथासाहित्याचा आधार मात्र खरोखर वजनदार आहे. शेरलॉक होम्सच्या १८८७ च्या कादंबरीत डॉ. वॉटसन यांना गोळी खांद्याला लागलेली आहे, आणि १८९० च्या कादंबरीत ती पायाला लागलेली आहे. अभिजात तर्कशास्त्राच्या नियमाने एका विरोधातून कोणतेही विधान निष्पन्न होते. तरीही वॉटसन डॉक्टर नव्हते असा निष्कर्ष कोणताही वाचक काढत नाही. असा विस्फोट टाळणारे तर्कशास्त्र रचता येते, हे पोलंडचे तर्कशास्त्रज्ञ स्तानिस्वाव याश्कोव्स्की यांनी १९४८ मध्ये दाखवले. त्यांच्या पद्धतीत चर्चेतल्या प्रत्येकाचे म्हणणे ग्राह्य धरले जाते, पण एकाचे विधान दुसऱ्याच्या विधानाला ‘आणि’ने सरसकट जोडण्यास मनाई असते. परस्परविरोधी कथा एकत्र राहतात ती कल्पित अवस्था अशी सुसंगतपणे उभी करता येते, आणि मला ही तर्कशास्त्राची फार सुंदर कामगिरी वाटते.

परंतु मजकुराचा शेवटचा निष्कर्ष याच ठिकाणी कोसळतो. त्या कल्पित अवस्थेतही खोटे उरतेच. खांद्याची जखम एका कथेत खरी आहे, पायाची दुसऱ्या कथेत खरी आहे, आणि वॉटसन यांना गोळी पोटात लागली होती हे विधान दोन्ही कथांत खोटे आहे. ते करणाऱ्याला ‘तुमचे चुकले’ असे तिथेही म्हणता येते.