'यावर काहीतरी ब्लॅक अँड व्हाइट टाक'

डॉक्युमेंटरी असो की चॅनेलचा विशेष कार्यक्रम, निवेदन रेकॉर्ड झालं की एडिटरला हमखास सांगितलं जातं, "यावर काहीतरी ब्लॅक अँड व्हाइट टाक." मी एडिटिंग करते आणि त्या 'काहीतरी'ने माझं डोकं फिरतं. जुनं फुटेज हा पुरावा आहे. भोकं बुजवायचा भराव नाही.

दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' घ्या. ३ मे १९१३ला गिरगावच्या कॉरोनेशनमध्ये लागला. त्याची दृश्यं कुठेही दाखवली की खाली सुपर, म्हणजे पडद्यावरची अक्षरं, येतो, '१९१३'. पण मूळ प्रत नष्ट झाल्यावर फाळक्यांनी तो १९१७मध्ये पुन्हा चित्रित केला, आणि आज उरलेली रिळं या दुसऱ्या खेपेची आहेत, असं अनेक अभ्यासक सांगतात. "प्रेक्षकाला काय फरक पडतो?" असं विचारतात. अहो, पडतो! आपण बोलतोय त्यांच्या पहिल्या धडपडीबद्दल आणि दाखवतोय चार वर्षांनी सरावलेला हात.

वेगाचंही तेच. मूकपटाच्या काळात कॅमेरा हाताने फिरवायचे, सेकंदाला साधारण सोळा फ्रेम्स. ते तसंच्या तसं आजच्या टीव्हीच्या पंचवीस फ्रेम्सवर चालवलं की मिनिटाचं दृश्य ३८ सेकंदांत उरकतं आणि अंत्ययात्रेतली माणसंसुद्धा तुरुतुरु पळायला लागतात. ज्यांनी खांदा दिला त्यांचं आपण हसं करतो. वेग दुरुस्त करणं अवघड नाही, फक्त कुणीतरी थांबून बघायला हवं.

त्याहून वाईट म्हणजे चौकोनी फ्रेम ताणून किंवा कापून टीव्हीच्या रुंद पडद्यावर बसवणं. कापलीत तर उंचीचा पाव भाग जातो. वर दुकानाची पाटी असते, डोक्यावर पगडी असते, खाली रस्त्यात ट्रामचे रूळ असतात. शहर कुठलं, साल साधारण कुठलं, हे आम्ही ओळखतो ते यावरूनच. नेमकं तेच कात्रीत जातं. बाजूला काळ्या पट्ट्या राहू द्या ना, कुणाचं काही बिघडत नाही.

आणि जिथे फुटेजच नाही, तिथे? रशियन क्रांतीत हिवाळी राजवाड्यावर गर्दी चालून जाते ते दृश्य आठवतंय? ते आयझेनस्टाइनच्या 'ऑक्टोबर' या चित्रपटातलं, क्रांतीनंतर दहा वर्षांनी उभं केलेलं. कितीतरी ठिकाणी ते खरं म्हणून वापरलं गेलंय. आपल्याकडे सावेदादांनी, म्हणजे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकरांनी, १९०१मध्ये केंब्रिजहून परतलेल्या रँग्लर परांजप्यांचं मुंबईतलं स्वागत चित्रित केलं. ती फिल्म आज उपलब्ध नाही. मग तिथे दुसरीच कुठली तरी मिरवणूक चढवू नका. परांजप्यांचा फोटो ठेवा आणि फिल्म हरवली आहे, हे निवेदनात सरळ सांगा.

निर्मात्यांकडे माझं मागणं एवढंच आहे: प्रत्येक जुन्या दृश्यावर साल, ठिकाण आणि ते कुठून मिळालं, याचा सुपर द्या. साल नक्की नसेल तर 'अंदाजे' लिहा. आणि हे काम एडिटच्या शेवटच्या रात्री आमच्या गळ्यात मारू नका. संशोधकाला पहिल्या दिवसापासून टीममध्ये घ्या आणि त्याचे पैसे बजेटमध्ये धरा.