“यीस्ट मेलेलं होतं” या अभिप्रायाला माझं उत्तर

नमस्कार.

ब्रेड मशीनसाठी मी जे हर्ब ब्रेडचं (वाळवलेली सुगंधी पानं घातलेल्या ब्रेडचं) तयार पाकीट कृतीच्या पत्रकासह विकते, त्याला एक तारा देऊन आपण लिहिलेला अभिप्राय वाचला. एकदा नाही, बऱ्याचदा वाचला. सकाळी ब्रेडच्या वासाने जाग यावी म्हणून हौसेने रात्री सगळी तयारी करायची आणि झाकण उघडल्यावर मधोमध खड्डा पडलेला ब्रेड दिसायचा, याने कुणाचंही मन खट्टू होईल. त्याबद्दल मनापासून माफी मागते. पैसे परत करते असं मी आपल्याला त्याच दिवशी कळवलं होतं, ते आजही कायम आहे.

पण आपण लिहिलंय, “यीस्ट मेलेलं होतं. जुना माल पाकिटात भरून खपवतात. मी सगळं पत्रकाप्रमाणे केलं.” बाकीच्या तक्रारी मी ऐकून घेते, त्यातल्या काही खऱ्याही आहेत. ‘जुना माल’ हे दोन शब्द मात्र माझ्या घशाखाली उतरत नाहीत. ही पाकिटं मी घरी, एकटीने, काट्यावर ग्रॅम-ग्रॅम मोजून भरते. माझा हा फावल्या वेळातला उद्योग नाही, घर यावर चालतं. आपला अभिप्राय आल्यापासून दोन जुन्या ग्राहकांनी “ताई, आमच्या पाकिटातलं यीस्ट ताजं आहे ना?” असं विचारलं. इतक्या वर्षांत हा प्रश्न मला कुणी विचारला नव्हता. म्हणून जरा लांबण लागली तरी लिहिते.

मेलेल्या यीस्टचा ब्रेड कसा दिसतो हे मला पक्कं ठाऊक आहे, कारण शिकत असताना मी तो स्वतः केलाय. पाणी कोमट घ्यायच्या ऐवजी चांगलं कढत घेतलं होतं. साधारण 55 ते 60 अंशांच्या पुढे यीस्ट तग धरत नाही. तो ब्रेड भांड्याच्या तळाशी विटेसारखा बसून राहिला, चार बोटंही वर आला नाही. वरचा पृष्ठभाग सपाट, रंग फिका, आणि कापला तर आत जाळी नावाला नाही, नुसता दडस गोळा.

आता आपण टाकलेला फोटो बघा. मी तो मोठा करून पाहिलाय. ब्रेडच्या कडा भांड्याच्या काठापर्यंत गेल्या आहेत. काठावर पिठाची एक वाळकी रेघ चिकटलेली दिसते, म्हणजे ब्रेड तिथवर पोचला होता. मग मधला भाग खाली गेलाय, बाजू आत ओढल्यासारख्या झाल्यात, आणि कापलेल्या तुकड्यात वरच्या बाजूला मोठमोठी भोकं आहेत. हा ब्रेड आधी चढला आणि नंतर कोसळला. यीस्ट मेलेलं असतं तर तो चढलाच नसता, मग पडणार तरी कुठून? आपल्या ब्रेडमधलं यीस्ट जिवंत तर होतंच, उलट त्याला आवर घालणारं काही नव्हतं.

पुढचं सगळ्यांसमोर लिहावं की नाही, यावर मी दोन दिवस विचार केला. आपल्याला संकोच वाटावा अशी माझी अजिबात इच्छा नाही. पण आपल्याच फोटोत, ब्रेडच्या मागे ओट्यावर, पाकिटातली मिठाची पुडी पडलेली दिसतेय. तिचं तोंड न फाडलेलं आहे. निळी पट्टी असलेली ती पुडी मीच चिकटवते, त्यामुळे ती ओळखायला मला फार वेळ लागला नाही. आपण मीठ कमी खात असाल, किंवा घाईत ती राहून गेली असेल, दोन्ही समजण्यासारखं आहे. पण मग “सगळं पत्रकाप्रमाणे केलं” असं कसं म्हणता येईल?

मीठ ब्रेडमध्ये नुसतं चवीला नसतं. 500 ग्रॅम पिठाला मी 9 ग्रॅम मीठ देते. ते यीस्टचा वेग धरून ठेवतं आणि पिठातलं ग्लुटेन, म्हणजे पिठाला चिवटपणा देणारं प्रथिन, घट्ट करतं, म्हणजे आत तयार होणारा वायू पेलायला भिंती मजबूत राहतात. मशीनमध्ये याचं महत्त्व जास्त. हाताने ब्रेड करणारा माणूस गोळा पाहतो, बोट दाबून बघतो, पुरेसा फुगला की भट्टीत सरकवतो. मशीनला डोळे नाहीत. ते ठरलेल्या मिनिटाला मळतं, ठरलेल्या मिनिटाला भाजायला लागतं. यीस्ट वेळेआधी पुढे पळालं तरी मशीन ठरलेल्या मिनिटाचीच वाट पाहतं, आणि भाजणं सुरू होईपर्यंत ताणलेले बुडबुडे फुटायला आलेले असतात.

हे मी पुस्तकी सांगत नाही. आपला फोटो आला त्याच आठवड्यात, आपलं पाकीट ज्या दिवशी भरलं होतं त्याच दिवशीची तीन पाकिटं मी स्वतः फोडली. आधी यीस्ट तपासलं: अर्धी वाटी कोमट पाणी, एक चमचा साखर, वरून एक चमचा यीस्ट. काचेच्या पेल्याला पाण्याच्या पातळीवर रबर बँड लावला होता. दहा मिनिटांत फेस त्या रबराच्या दोन बोटं वर आला होता. खरं तर यीस्टचा नवा डबा उघडला की ही तपासणी मी दर वेळी करते, आणि उघडलेला डबा घट्ट झाकण लावून फ्रीजरमध्ये ठेवते.

मग तीन ब्रेड केले. पहिला पत्रकाप्रमाणे: 320 मिली पाणी, दोन मोठे चमचे तेल, पीठ, मीठ एका कोपऱ्यात, आणि पिठावर मधोमध खळगा करून त्यात कोरडं यीस्ट. तो छान घुमटासारखा वर आला. दुसरा सगळा तसाच, फक्त मीठ वगळून. हा मी झाकणाच्या काचेतून शेवटपर्यंत पाहत बसले. शेवटच्या फुगण्याच्या वेळी तो वर चढत चढत काचेला टेकला, मला क्षणभर वाटलं आता झाकण उचलणार. भाजणं सुरू झाल्यावर पंधरा मिनिटांच्या आत मधला भाग हळूहळू, कुणी सुस्कारा सोडावा तसा, खाली गेला. तिसरा मीठ न घालता, वर दोन मुठी धुतलेली बेसिलची पानं घालून, रात्रीच्या टायमरवर. सकाळी तो बाहेर काढला आणि आपल्या फोटोशेजारी धरला. जुळी भावंडं म्हणावीत इतके दोन्ही सारखे. तिन्हींचे फोटो मी खाली जोडते आहे.

पानांचा विषय निघालाच आहे तर तेही लिहिते. “घरच्या कुंडीतली ताजी पानं दोन मुठी घातली आणि यीस्ट त्यावर भुरभुरवलं” असं आपणच लिहिलंय. ताजी पानं घालायला माझी हरकत नाही, वास फार सुंदर येतो. पण पाकिटात दोन चमचे वाळवलेली पानं आधीच मिसळलेली असतात. एक चमचा वाळवलेल्या पानांच्या जागी ताजी साधारण तीन चमचे लागतात, हा नेहमीचा हिशेब, आणि दोन मुठी त्याच्या कितीतरी पुढे जातात. शिवाय धुतलेल्या पानांबरोबर पाणी येतं. 500 ग्रॅम पिठात दोन-तीन मोठे चमचे पाणी जास्त झालं तरी गोळा सैल पडतो. आपण जागे असता तर हे सावरता आलं असतं. मळणं सुरू झाल्यावर आठ-दहा मिनिटांनी झाकण उघडून बघायचं. गुळगुळीत एकसंध गोळा फिरत असेल तर ठीक, तळाला चिखलासारखं फरफटत असेल तर चमचा-चमचा पीठ घालायचं. टायमर लावून झोपलं की हे पाहायला कुणी नसतं. आणि ओल्या पानांवर टाकलेलं यीस्ट मशीन सुरू व्हायच्या कितीतरी तास आधी भिजलेलं असतं. टायमर लावताना यीस्ट कोरडं राहायला हवं, तो खळगा त्याचसाठी असतो.

पाकीट फसवं होतं असं कुणाला वाटू नये, एवढ्यासाठीच हे लिहिलं.

बाकीच्या तक्रारींबद्दल थोडक्यात. पाकिटातल्या पानांपैकी रोझमेरी काड्यांसारखी टोचते, हे तुमचं म्हणणं शंभर टक्के खरं. ती वाळली की सुईसारखी होते, मी हाताने चुरडते पण त्या खेपेला भरड राहिली. तो माझाच निष्काळजीपणा. ब्रेडच्या बुडाला पडलेलं भोक मळणाऱ्या पात्याचं असतं, त्यात पाकिटाचा संबंध नाही. शेवटचं मळणं झाल्यावर पातं काढून घेतलं तर भोक लहान पडतं. ब्रेड आतून चिकट लागला म्हणता, पण आपण तो गरम असतानाच कापलाय, फोटोत सुरीवर वाफ जमलेली दिसते. जाळीवर तासभर तरी निवू द्यावा लागतो. आणि “मालकीण उत्तरच देत नाही” याबद्दल: आपला मेसेज सकाळी पावणेसातला आला, मी सव्वानऊला उत्तर दिलं. त्या वेळात मी ऑर्डरी भरत होते, हात पिठात होते. अडीच तास आपल्याला फार वाटले असतील, तर त्याबद्दलही क्षमस्व.

आता माझ्या बाजूने जे राहून गेलं ते. पत्रक मी पुन्हा वाचलं, आपल्या जागी बसून. मिठाच्या पुडीपुढे मी फक्त “मीठ” एवढंच लिहिलंय. ते का घालायचं, वगळलं तर काय होईल, याबद्दल एक अक्षर नाही. ज्यांना मीठ जरा कमी हवं त्यांना सोयीचं जावं म्हणून मी पुडी वेगळी ठेवली होती, पण मग किती कमी चालेल हे मीच सांगायला हवं होतं. ताज्या पानांबद्दल “आवडीनुसार” असं लिहून मोकळी झाले, आणि टायमरची सूचना मागच्या पानावर बारीक अक्षरांत आहे. हे लिहिताना मला वाईट वाटतंय, कारण पत्रक मी फार मन लावून केलं होतं. ते नव्याने लिहायला घेतलंय, लवकरच नव्या पाकिटांबरोबर जाईल. बाकीही काही सुधारणा डोक्यात आहेत, त्या जमतील तशा करेन.

पैसे परत हवेत की दुसरं पाकीट, ते आपण कळवा. दोन्ही मागितलंत तरी चालेल. आपल्यासाठी एक पाकीट मी बाजूला काढून ठेवलंय. त्यातली रोझमेरी बोटांना टोचणार नाही इतकी बारीक केली आहे, आणि मीठ या वेळी वेगळ्या पुडीत न देता पिठातच मिसळलंय.