टीव्हीवरची पहिली गरोदर बाई ल्युसी नव्हती हो

चार दिवस झाले तीच पोस्ट येतेय, आधी शाळेच्या ग्रुपवर, मग फेसबुकवर, काल तर मावशीने पण पाठवली. ल्युसिल बॉलचा (अमेरिकन विनोदी अभिनेत्री, 'आय लव्ह ल्युसी' या शोमधली ल्युसी) ब्लॅक अँड व्हाइट फोटो आणि खाली लिहिलंय की अमेरिकन टीव्हीवरचा पहिला सिटकॉम, म्हणजे विनोदी मालिका, हिचा, स्क्रीनवर दिसलेली पहिली गरोदर बाई हीच, आणि नवरा-बायको एका बेडवर दाखवायची हिंमत पण पहिल्यांदा हिच्याच शोने केली. तिन्ही चूक. ल्युसी मला पण जाम आवडते, तिच्यावर राग नाहीये, पण या तिन्ही ठिकाणी तिच्या आधी एक बाई होऊन गेली आणि तिचं नाव कोणी घेत नाही.

तिचं नाव मेरी के स्टर्न्स. 'मेरी के अँड जॉनी' हा तिचा आणि तिच्या खऱ्या नवऱ्याचा शो, १८ नोव्हेंबर १९४७ ला ड्यूमाँट या तेव्हाच्या अमेरिकन टीव्ही नेटवर्कवर सुरू झाला तेव्हा ती २२ वर्षांची होती. न्यूयॉर्कच्या ग्रीनिच व्हिलेजमधलं एक तरुण जोडपं, तो बँकेत कामाला, ती जरा वेंधळी आणि गोड, स्क्रिप्ट जॉनी स्वतः लिहायचा आणि सगळं लाइव्ह, म्हणजे चुकलं तर चुकलं. 'आय लव्ह ल्युसी' आला १५ ऑक्टोबर १९५१ ला. जवळजवळ चार वर्षांनी! (आणि जगातला पहिला म्हणाल तर तो मान बीबीसीच्या १९४६ च्या एका शोला जातो, म्हणजे अमेरिकेत पण नाही.)

आता गरोदरपणाचं. १९४८ मध्ये मेरी केला दिवस गेले. आधी पोट लपवून बघितलं, पण लाइव्ह कॅमेऱ्यापुढे किती दिवस लपवणार, शेवटी गोष्टीतच घेतलं. डिसेंबर १९४८ मध्ये मुलगा झाला, ख्रिस्तोफर, आणि थोड्याच दिवसांत ते तान्हं बाळ पण शोमध्ये. ल्युसीचं बाळंतपण टीव्हीवर आलं १९ जानेवारी १९५३ ला. तो एपिसोड अफाट गाजला, ४ कोटींच्या वर लोकांनी बघितला, ते खरंच आहे. पण गरोदरपणाच्या आख्ख्या एपिसोड्समध्ये 'प्रेग्नंट' हा शब्द उच्चारायची चोरी होती, शो दाखवणाऱ्या सीबीएस नेटवर्कला तो चालत नव्हता.

बेडचं तर उलटंच आहे. मेरी के आणि जॉनी सरळ एका डबल बेडवर झोपायचे, नवरा-बायकोच होते ना! ल्युसी आणि रिकीला (शोमधला तिचा नवरा) मात्र दोन सिंगल बेड, सुरुवातीला एकमेकांना चिकटवलेले आणि नंतर तेही लांब. पोस्ट लिहिणाऱ्याने शो बघितलाच नसावा.

पोस्टखाली एकाने लिहिलंय की असेल कोणी आधी, पण बघत कोण होतं. हे ऐका. तेव्हा रेटिंग्ज वगैरे धड नव्हते, आपला शो कोणी बघतं का हे स्पॉन्सरलाच कळायचं नाही. अ‍ॅनासिनवाले (हो तीच, डोकेदुखीची गोळी) स्पॉन्सर होते, त्यांनी ठरवलं की पत्र पाठवणाऱ्या पहिल्या २०० जणांना छोटा आरसा फुकट द्यायचा, आणि अगदीच जास्त पत्रं आली तर असू दे म्हणून एकूण ४०० आरसे आणून ठेवले. पत्रं आली ८,९६०! टीव्ही मोजक्याच घरांत होता त्या काळातली गोष्ट आहे ही.

मग विसरली कशी गेली? माझ्या मते कारण अगदी साधं आहे, फिल्म. ल्युसी आणि तिचा नवरा देसी अर्नाझ यांनी हट्टाने शो ३५ एमएम फिल्मवर शूट केला, तीन कॅमेरे लावून, समोर प्रेक्षक बसवून, म्हणून तो पुन्हा पुन्हा दाखवता आला आणि आजतागायत चालतोय. हे श्रेय ल्युसीचं आणि देसीचंच, पोस्टमध्ये नेमकं तेच नाही. मेरी केचा शो ड्यूमाँटवरून एनबीसी, मग सीबीएस, परत एनबीसी असा फिरला, मार्च १९५० मध्ये बंद पडला, आणि लाइव्ह शोची रेकॉर्डिंग म्हणजे मॉनिटरसमोर फिल्म कॅमेरा लावून काढलेली, त्यांना पुढे कोण विचारतो. ड्यूमाँटकडे उरलेला साठा तर सत्तरच्या दशकात न्यूयॉर्कच्या खाडीत फेकला गेला असं एडी अ‍ॅडम्स या अभिनेत्रीने १९९६ मध्ये जुने टीव्ही कार्यक्रम जतन करण्याबद्दलच्या सुनावणीत सांगितलं होतं. मेरी केच्या शोचं जवळपास काहीच उरलं नाही, १९४९ चा एक एपिसोड न्यूयॉर्कच्या पेली सेंटरमध्ये (जुने टीव्ही-रेडिओ कार्यक्रम जपणारी संस्था) आहे.

ती गेली नोव्हेंबर २०१८ मध्ये, ९३ व्या वर्षी. म्हणजे ल्युसीच्या नावाने हे पहिलेपणाचे फॉरवर्ड फिरत होते तेव्हा ती कॅलिफोर्नियात चांगली हयात होती. मावशीला एवढं सगळं टाइप करून पाठवलं, तिने अंगठा दाखवला आणि अर्ध्या तासाने तीच पोस्ट दुसऱ्या ग्रुपवर टाकली.