चार रुपये प्राप्त झाले

परवा आमचा लघुपट एका महोत्सवाकडून परत आला. १४ मिनिटांचा, मराठी, विनोदी. "केलाय छान, पण विषय हलका आहे," असं फोनवर सांगितलं. महोत्सवाचं नाव घेत नाही, कारण हे फक्त त्यांचंच म्हणणं नाही. मी लघुपटांसाठी साउंडचं काम करतो आणि हे वाक्य बऱ्याच ठिकाणी ऐकलंय. मृत्यूवर, दुष्काळावर लघुपट केला की तो गंभीर. मुलगा-मुलगी पहिल्यांदा कॅफेत भेटली आणि सगळं फिसकटलं, असा केला की टाइमपास. मला हे मनापासून चूक वाटतं.

जरा आठवून बघा. कांदेपोह्यांच्या कार्यक्रमात अवघडलेपण वाटून घ्यायला घरभर माणसं असायची. मुलगा गप्प झाला की मामा विचारायचे, "मूळ गाव कुठलं म्हणालात?" मुलगी गप्प झाली की मावशी म्हणायची, "पोहे तिनंच केलेत हो." ॲपवर ओळख होऊन भेटलेल्या दोघांच्या टेबलाशी मामाही नसतो आणि मावशीही. बोलणं थांबलं की ते थांबलेलंच राहतं आणि ते त्या दोघांनाच निभवावं लागतं. आपल्याकडच्या एका अख्ख्या पिढीची ही रोजची गोष्ट आहे. तिच्यात हलकं काय आहे?

आमच्या लघुपटातला एक प्रसंग सांगतो. भेट संपत आलीय, दोघं काउंटरपाशी उभी आहेत. बिल ४०० रुपये. मुलगा तीनदा म्हणतो, "मी देतो." घाईघाईत स्कॅन करतो, पिन टाकतो. काउंटरवरचा साउंडबॉक्स अख्ख्या कॅफेला ऐकू जाईल असा ओरडतो, "चार रुपये प्राप्त झाले."

शांतता.

मुलगी मान वर न करता स्वतःचा फोन काढते. "तीनशे शहाण्णव रुपये प्राप्त झाले."

पहिल्या एडिटमध्ये या दोन आवाजांमध्ये १२ फ्रेम होत्या, म्हणजे अर्धा सेकंद. आम्ही सात-आठ जणांना दाखवला, एकही हसला नाही. दिग्दर्शिका माझी जुनी मैत्रीण आहे. ती रात्रभर बसली आणि एकेक फ्रेम वाढवत गेली. शेवटी ५० फ्रेमवर थांबली, दोन सेकंदांहून जरा जास्त. आता तिथं हॉल फुटतो. शांतता म्हणजे रिकामा ट्रॅक नव्हे, हे साउंडवाल्यांना वेगळं सांगायला नको. शूटिंगच्या वेळी कॅफेचा फ्रिज बंद ठेवला होता, त्याची घरघर नंतर वेगळी रेकॉर्ड करून आणली. या दोन सेकंदांत ती घरघर आहे, पंखा आहे आणि लांब कुणाचा तरी चमचा बशीला लागतो. बस. मी स्ट्रॉचा एक आवाज टाकला होता, तो तिनं काढायला लावला. म्हणाली, "त्या पोराला आत्ता कुणी हसायला नको. आधी त्याला लाज वाटू दे, मग हसू दे." बरोबर होतं तिचं.

तिचं आणखी एक मला फार आवडलं. पहिल्या लिखाणात मुलगा गावाकडचा होता आणि त्याला मेन्यूतली नावं वाचता येत नाहीत यावर तीन-चार विनोद होते. तिनं ते सगळे काढून टाकले. मुलगी पैशांवर टपलेली, मुलगा बावळट, असल्या गोष्टींनी मोबाइल भरून वाहतोय. इथं दोघांपैकी कुणीच वाईट नाही. दोघांनाही एकमेकांना आवडायचंय आणि नेमकं तेच जमत नाहीये. असं लिहायला रडवण्याइतकीच मेहनत लागते.

आणि छोट्या विनोदपटाला आपण दुय्यम कधीपासून मानायला लागलो? १९१४ च्या जानेवारीत मुंबईच्या कोरोनेशन थिएटरात दादासाहेब फाळक्यांचा 'मोहिनी भस्मासुर' लागला, तेव्हा त्याच्या जोडीला 'पिठाचे पंजे' हा त्यांचाच छोटा विनोदी चित्रपट होता. भारतीय सिनेमा तेव्हा पुरता वर्षाचाही नव्हता! चॅप्लिननं १९१६-१७ मध्ये म्युच्युअल कंपनीसाठी १२ दोन-रिळी, म्हणजे साधारण वीस-पंचवीस मिनिटांचे, विनोदपट केले. त्यांना हलकं म्हणायची कुणाची हिंमत होत नाही.

काही जण सांगतात, यूट्यूबवर टाका की. टाकूच. पण फोनवर त्या ५० फ्रेम टिकत नाहीत. शांतता आली की अंगठा पुढं सरकतो. आणि एकट्यानं बघताना माणूस हसतो ते फार तर नाकातल्या नाकात. शेजारचा हसला की आपणही मोकळं हसतो, त्यासाठी अंधार लागतो आणि सोबत चार माणसं लागतात. म्हणून निवड करणाऱ्यांना माझी कळकळीची विनंती आहे, विनोदी लघुपट लॅपटॉपवर एकटे बसून बघू नका. दहा जणांना बोलवा आणि मग ठरवा.

तोवर आम्ही थांबणार नाही. पुण्यात कुणाच्या सोसायटीचा हॉल असेल, वाचनालयाची खोली असेल, पावसापासून आडोसा असलेली गच्ची असेल, तर इनबॉक्समध्ये कळवा. तीसेक खुर्च्या आणि अंधार तुमचा. प्रोजेक्टर, पडदा आणि स्पीकर आम्ही घेऊन येतो, पैसे घेणार नाही. फक्त त्या १४ मिनिटांत पंखा बारीक ठेवा.