सोळा वर्षांच्या मुलाची ‘क्षमता’ मोजताना

पुण्यातील कल्याणीनगरच्या अपघाताचा विषय निघाला की अजूनही लोकांच्या तोंडी ‘तीनशे शब्दांचा निबंध’ एवढेच येते. १९ मे २०२४ च्या पहाटे दोन तरुण अभियंत्यांचा जीव गेला, गाडी चालवत असल्याचा आरोप असलेल्या अल्पवयीन मुलाला काही तासांत जामीन मिळाला आणि जामिनाच्या अटींत निबंध होता, हे वाचून ज्यांचे डोके तापले त्यांच्यात मीही होते. त्याच अटींत दारू सोडवण्यासाठी उपचार घेण्याची आणि मानसोपचारतज्ज्ञाकडे समुपदेशनाला जाण्याचीही अट होती. तिच्याविषयी मात्र कोणी चकार शब्द काढला नाही. जुलै २०२५ मध्ये, त्या मुलावर प्रौढ म्हणून खटला चालवावा हा पोलिसांचा अर्ज बाल न्याय मंडळाने फेटाळला, तेव्हा पुन्हा गदारोळ झाला आणि चांगल्या शिकल्यासवरल्या ओळखीच्या माणसांनी मला विचारले, की तुम्ही मानसशास्त्रज्ञ लोक नक्की तपासता तरी काय?

त्या प्रकरणाविषयी मला इथे काही म्हणायचे नाही; ते न्यायालयाचे काम आहे. प्रश्न मात्र रास्त आहे, आणि एका जिल्ह्यातील मंडळासाठी अशी मूल्यांकने करणारी क्लिनिकल सायकॉलॉजिस्ट म्हणून त्याचे उत्तर देणे मला भाग आहे. माझे म्हणणे थोडक्यात असे, की कायदा आम्हाला जे विचारतो त्याचे प्रामाणिक उत्तर आमच्या शास्त्राकडे नाही. आणि ज्याचे उत्तर आम्ही बऱ्यापैकी देऊ शकतो, ते आम्हाला क्वचितच कोणी विचारते.

आधी कायदा. दिल्लीतील डिसेंबर २०१२ च्या सामूहिक बलात्काराच्या घटनेनंतर देशभर जो क्षोभ उसळला, त्यातून २०१५ चा बाल न्याय कायदा आला आणि १५ जानेवारी २०१६ पासून लागू झाला. त्या घटनेनंतर नेमलेल्या न्यायमूर्ती वर्मा समितीने अल्पवयीन मानण्याची अठरा वर्षांची मर्यादा खाली आणण्याची शिफारस केली नव्हती, हे आता फारसे कोणाला आठवत नाही. या कायद्याच्या कलम १५ प्रमाणे सोळा ते अठरा वयाच्या मुलावर निर्घृण गुन्ह्याचा आरोप असेल, म्हणजे ज्या गुन्ह्याला किमान सात वर्षांची शिक्षा आहे असा, तर मंडळाने त्याचे प्राथमिक मूल्यांकन करायचे असते. तो गुन्हा करण्याची मानसिक आणि शारीरिक क्षमता त्या मुलात होती का, परिणाम समजण्याची कुवत होती का, आणि ज्या परिस्थितीत गुन्हा घडल्याचा आरोप आहे ती कशी होती, हे तीन महिन्यांत ठरवून त्याला प्रौढ म्हणून खटला चालावा यासाठी बाल न्यायालयाकडे पाठवायचे की मंडळातच ठेवायचे याचा निर्णय घ्यायचा. मंडळ यासाठी आमची मदत घेऊ शकते. मंडळावर बाल मानसशास्त्र किंवा मानसोपचारातील पदवीधारक नसेल तर ही मदत घेणे बंधनकारकच आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने १३ जुलै २०२२ रोजी गुरुग्रामच्या एका शाळेतील हत्येच्या प्रकरणात सांगितले. अत्यंत आवश्यक असा तो निकाल होता. परिणाम म्हणजे केवळ समोरचा माणूस मरेल एवढे कळणे नव्हे, त्याच्या घरच्यांचे आणि स्वतःचे पुढे काय होईल हेही कळणे, असा कलमाचा अर्थ त्यात लावला आहे.

आता आमच्या टेबलावर काय असते ते पाहा. बुद्धिमापनासाठी आपल्याकडे अजूनही बिने-कामत चाचणी वापरली जाते. डॉ. व्ही. व्ही. कामत यांनी १९३०च्या दशकात मराठी आणि कानडी मुलांसाठी बसवलेली ही चाचणी म्हणजे आपल्या मानसशास्त्राचा अभिमानाचा ठेवा आहे, पण तिचे वय आता नव्वदीच्या घरात आहे. दुसरी नागपूरच्या डॉ. मालिन यांची, ती सहा ते पंधरा वयाच्या मुलांसाठी प्रमाणित केलेली आहे. कायदा सोळाव्या वर्षी सुरू होतो आणि चाचणी पंधराव्या वर्षी संपते, तरीही तिचे आकडे घातलेले अहवाल मी वाचले आहेत. आणि समजा चाचणी योग्य निवडली, बुद्ध्यांक ९५ आला, तर त्यातून काय सिद्ध झाले? मुलगा मतिमंद नाही, एवढेच. चार महिन्यांपूर्वी, रात्री अकराच्या सुमारास, चार मित्रांच्या घोळक्यात तो काय समजू शकत होता, याविषयी तो आकडा मुका असतो.

हे नुसते माझे रडगाणे नाही. अमेरिकी मानसशास्त्रज्ञ लॉरेन्स स्टाइनबर्ग आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी वर्षानुवर्षे केलेल्या कामातून एक गोष्ट पुरेशी स्पष्ट झाली आहे. शांतपणे, एकट्याने, वेळ घेऊन विचार करायचा असेल तर सोळा वर्षांचे मूल जवळजवळ प्रौढासारखेच तर्क करते. भावना पेटलेली असेल, मित्र बघत असतील, क्षणात ठरवायचे असेल, तर स्वतःला आवरण्याची ताकद विशीत जाईपर्यंत पक्की होत नाही. २००५ मधील त्यांच्या एका प्रयोगात गाडी चालवण्याच्या संगणकीय खेळात मित्र सोबत बसवले, तेव्हा किशोरवयीन मुलांनी घेतलेले धोके ठळकपणे वाढले आणि प्रौढांमध्ये जवळजवळ फरक पडला नाही. आमची मुलाखत कशी होते? बंद खोलीत, पंख्याखाली, समोर पाण्याचा ग्लास ठेवून, घाई न करता. म्हणजे ज्या स्थितीत ते मूल प्रौढाच्या सर्वांत जवळ असते, नेमक्या त्याच स्थितीत आम्ही त्याची क्षमता मोजतो आणि ज्या स्थितीत गुन्हा घडला असे म्हणतात, तिच्यावर तो निष्कर्ष चिकटवतो.

याहून अवघड गाठ पुढे आहे, आणि तिच्याविषयी आमच्या व्यवसायातही दबक्या आवाजातच बोलले जाते. या कायद्याखालील नियम १०-अ प्रमाणे मूल्यांकनाच्या वेळी मूल निर्दोष आहे असेच गृहीत धरायचे असते. कायद्याच्या स्पष्टीकरणातही हे मूल्यांकन म्हणजे खटला नव्हे असे लिहिलेले आहे. आणि तरीही गुन्हा कोणत्या परिस्थितीत घडला, परिणाम कळत होते का, हे गुन्ह्याविषयी न बोलता विचारायचे कसे?

ओळख पटेल असे सारे तपशील बदलून एक प्रसंग सांगते. सतराव्या वर्षाकडे झुकलेला मुलगा, कोयत्याने झालेल्या खुनात चारजणांसोबत पकडलेला. सुरुवातीला प्रत्येक उत्तराआधी तो दाराकडे पाहायचा, कारण बाहेर त्याला घेऊन आलेला शिपाई बसलेला होता. ठोकळ्यांची नक्षी जुळवताना तो थोडा सैलावला. एक नक्षी चुकली तर ‘परत लावू का?’ म्हणून विचारले. मी घटनेविषयी काहीच विचारले नव्हते. घरी कोण असते, शाळा कधी सुटली, झोप लागते का, एवढेच चालले होते. ठोकळे डब्यात भरता भरता तो आपणहून म्हणाला, ‘मॅडम, तो मरेल असं वाटलंच नव्हतं. घाबरेल, असं वाटलेलं.’

कायद्याच्या प्रश्नाचे याहून थेट उत्तर मला आजवर मिळालेले नाही. पण हे वाक्य अहवालात लिहिले तर ती कबुली होते, तीही वकिलाच्या गैरहजेरीत, ज्या मुलाला मला नकार देण्याची सोय नाही अशा मुलाकडून आलेली. न लिहिले तर माझा अहवाल पोकळ. नार्को चाचणी, पॉलिग्राफ, ब्रेन मॅपिंग यांची जबरदस्ती करता येणार नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१० मध्ये सेल्वी खटल्यात स्पष्ट सांगितले. यंत्राच्या तावडीतून आरोपीला सोडवले, हे उत्तमच झाले. पण गोड बोलणाऱ्या मॅडमपासून त्याचे रक्षण करणारी तेवढी पक्की भिंत अजून कोणी बांधलेली नाही. उलट जो मुलगा ‘मी तिथं नव्हतोच’ म्हणतो त्याच्या अहवालात ‘पश्चात्तापाचा अभाव’ असा शेरा पडलेला मी पाहिला आहे. निर्दोष मानलेल्या मुलाने पश्चात्ताप कशाचा करायचा, हे तो शेरा लिहिणाऱ्यालाच ठाऊक. मी त्या मुलाचे वाक्य लिहिले नाही. परिणामांच्या आकलनाविषयी, समवयस्कांच्या दबावाविषयी सर्वसाधारण भाषेत लिहिले आणि ‘कथित प्रसंगाच्या वेळच्या मानसिक क्षमतेविषयी या तपासणीतून निष्कर्ष काढता येत नाही’ असे वाक्य घातले. मंडळाला असे वाक्य आवडत नाही, हे मला माहीत आहे.

ज्याचे उत्तर देता येते, ते मात्र त्या मुलाखतीत भरपूर होते. आठवीत शाळा सुटलेली. रोज व्हाइटनर हुंगण्याची सवय. बाप घरात असला की हा बाहेर, म्हणून रात्र नाक्यावर. झोप नाही, दचकून उठणे. टोळीतल्या मोठ्या मुलांकडून मिळणारा मान, आणि तो मान इतर कुठेच नाही. गुन्हेगारांच्या उपचारात टिकून राहिलेली जी मांडणी आहे, अँड्र्यूज आणि बोंटा यांनी १९९०च्या सुमारास रूढ केलेली, ती नेमके हेच विचारते: पुन्हा गुन्हा घडण्याचा धोका किती, तो धोका कोणत्या बदलता येण्यासारख्या गोष्टींतून येतो, आणि हे मूल कोणत्या पद्धतीने शिकते. धोका कमी असलेल्या मुलाला अट्टल मुलांच्या गटात बसवून समुपदेशन केले तर ते बिघडू शकते, हेही संशोधनातून दिसलेले आहे. आणि बहुतेक किशोरवयीन गुन्हेगार वय वाढले की आपसूक थांबतात, थोडेच पुढे चालू ठेवतात. सोळाव्या वर्षी हे दोन प्रकार वेगळे ओळखणे इतके बेभरवशाचे आहे की समाजविघातक व्यक्तिमत्त्वाचे निदान अठरा वर्षांआधी करूच नये, असा मनोविकारांच्या प्रमाणग्रंथाचा नियम आहे. अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने २००५ मध्ये अल्पवयीनांची फाशी रद्द केली, तेव्हा याच नियमाचा आधार घेतला होता.

आपल्या कायद्यात उपचाराची कलमे नाहीत असे नाही. विशेष गृहात असो की सुरक्षित स्थानात, समुपदेशन, वर्तन-परिवर्तन उपचार आणि मानसोपचार पुरवले जावेत असे त्यात चक्क लिहिले आहे. मी पाहिलेल्या गृहांत प्रत्यक्षात असतात ती योगासने, चित्रकला स्पर्धा आणि एखाद्या पाहुण्याचे प्रेरणादायी व्याख्यान, ज्यात मुलांना चिखलात उमलणाऱ्या कमळाची गोष्ट सांगितली जाते. मुंबईत डोंगरीचे निरीक्षणगृह ज्या आवारात आहे तिथे पूर्वी तुरुंग होता. १८८२ मध्ये टिळक आणि आगरकर यांनी तिथेच १०१ दिवस काढले. मुंबई इलाख्याने १९२४ मध्येच मुलांसाठी वेगळा कायदा केला होता. म्हणजे मुलांना मोठ्यांपासून वेगळे ठेवावे, हे आपल्याला शंभर वर्षांपासून पटलेले आहे. वेगळे ठेवून त्यांचे करायचे काय, हा भाग मात्र देणगीदारांच्या आणि पाहुण्यांच्या भरवशावर सोडलेला आहे.

ज्यांचे माणूस गेले त्यांना हे सगळे वाचून चीड येईल, आणि ती चीड मी नाकारत नाही. त्यांच्या दुःखापुढे व्हाइटनर आणि शाळेचा दाखला फार क्षुल्लक वाटतो. परंतु त्या मुलाला प्रौढांच्या यंत्रणेत ढकलल्याने पुढचा खून टळतो, असा पुरावा असता तर माझे मत वेगळे झाले असते. अमेरिकेत अशा कायद्यांवरील अभ्यासांचा सरकारी पातळीवर नेमलेल्या तज्ज्ञांच्या गटाने २००७ मध्ये आढावा घेतला, तेव्हा प्रौढांच्या न्यायालयात पाठवलेल्या मुलांकडून पुन्हा हिंसक गुन्हे घडण्याचे प्रमाण कमी झालेले नव्हते, उलट वाढलेले होते.

शिवाय आपल्याकडे प्रश्न तिथे संपतही नाही. प्रौढ म्हणून दोषी ठरलेला मुलगा एकविसाव्या वर्षापर्यंत सुरक्षित स्थानात राहतो, दरवर्षी त्याचा प्रगती अहवाल यायला हवा, आणि एकविसाव्या वर्षी त्याच्यात सुधारणा झाली आहे का हे पाहून बाल न्यायालयाने त्याला सोडायचे की उरलेली शिक्षा भोगायला तुरुंगात पाठवायचे हे ठरवायचे असते. ही कलम २० मधली तरतूद मला संपूर्ण कायद्यातली सर्वांत शहाणी वाटते. पण सुधारणा कशाच्या तुलनेत मोजणार? पहिल्या महिन्यात त्याचा राग, व्यसन, झोप, वाचता येणे, घराशी नाते कसे होते याची नोंदच नसेल, तर एकविसाव्या वर्षीचा अहवालही ‘वर्तन समाधानकारक’ एवढ्यावर आटोपतो.

म्हणून अलीकडे मी अहवालासोबत एक वेगळे जोडपत्र लावते. त्यात कथित गुन्ह्याविषयी एक अक्षर नसते. फक्त गरजा, धोके आणि पहिल्या तीन महिन्यांत काय करावे हे असते, आणि ते परिविक्षा अधिकाऱ्याकडे (प्रोबेशन ऑफिसरकडे) पाठवावे अशी मंडळाला विनंती असते. काही वेळा ते फाईललाच टाचून राहते. जेव्हा पाठवले जाते तेव्हा निदान मुलाला मानसोपचारतज्ज्ञाकडे नेले जाते, शाळा सोडल्याचा दाखला मागवला जातो आणि सतरा नंबरचा फॉर्म भरून त्याला बाहेरून दहावीला बसवण्याची खटपट सुरू होते.